वळिवड्याच्या पोलिश बाया
(वाघोली येथील भाषण)

मैत्रिणींनो, इथे दगडखाणींवर गाव सोडून आलेल्या बायका आहेत, म्हणून कोल्हापूरजवळच्या वळिवड्याबद्दल बोलते. १९४० पासून सोव्हिएत सत्तेने हद्दपार केलेले पोलिश लोक इराणमार्गे १९४३ मध्ये तिथे आले. सुमारे ५००० माणसं, बहुतेक बायका-मुलं. घरचे पुरुष सैन्यात, नाहीतर मेलेले. तरी छावणीत शाळा चालल्या, चर्च उभं राहिलं. ते चालवणाऱ्या बायकांची नावं आपल्याला कुठे माहीत आहेत? १९४८ पर्यंत त्या गेल्या. काहींच्या कबरी कोल्हापुरातच आहेत. छावणीच्या जागी सिंधी निर्वासित आले; तेच आजचं गांधीनगर. आपल्या वस्तीतल्या आज्याही गावं सोडून आल्यात. रविवारी वही घेऊन कोण कोण येतंय?