चरित्रपट आणि सत्य : मानुएल द ओलिव्हैरा



थोर पुरुषाचें चरित्र पडद्यावर आणतांना दिग्दर्शकाला एक मोह होतो. नट हाच तो पुरुष असें दोन तास भासवावयाचें, आणि त्याच्या आयुष्यांतील जें संथ तें कात्रीनें उडवावयाचें. पोर्तुगालचे मानुएल द ओलिव्हैरा (१९०८–२०१५) यांनीं हा मोह बुद्ध्या टाळला, म्हणून मी आज त्यांच्याविषयीं बोलणार आहें.

पोर्तु शहरीं जन्मलेल्या या गृहस्थांनीं १९३१ सालीं दोरू नदीकांठच्या कष्टकऱ्यांवर मूकपट काढला. दिग्दर्शन त्यांचें व संकलनहि त्यांचेंच. त्यांत दृश्यें क्षणोक्षणीं पालटतात. उतारवयांत मात्र त्यांची कात्री शांत झाली.

१९९२ सालचा ‘निराशेचा दिवस’ हा चित्रपट कादंबरीकार कामीलु काश्तेलु ब्रांकु यांच्या अखेरच्या दिवसांचा आहे. दृष्टि गमावलेल्या या लेखकानें १८९० सालीं ज्या घरीं स्वतःवर गोळी झाडली, त्याच घरांत चित्रण झालें. तेथें नटनटी आधीं स्वतःची ओळख करून देतात व मग भूमिकेंत शिरतात. कित्येकांना हें विक्षिप्त वाटेल; मला त्यांत मृतांविषयींचा आदर दिसतो.

आपणांस अधिक जवळचा तो २००० सालचा ‘शब्द आणि आदर्शलोक’. येशूसंघीय फादर आंतोनियु व्हिएइरा (१६०८–१६९७) यांचें तें चरित्र. ब्राझीलच्या मूळ रहिवाशांना गुलाम करणाऱ्या वसाहतवाल्यांविरुद्ध ते बोलले, म्हणून १६६१ सालीं त्यांना मारान्यांव प्रांतांतून हांकलण्यांत आलें. १६६७ सालीं इन्क्विझिशननें त्यांस प्रवचनाची बंदी केली. त्यांचें आयुष्य येथें तीन नटांनीं वांटून घेतलें आहे : तरुणपणीं दिग्दर्शकांचेच नातू रिकार्दु त्रेपा, प्रौढपणीं लुईश मिगेल सिंत्रा, वार्धक्यांत ब्राझीलचे लीमा दुआर्त. चेहरे जुळविण्याची खटपट नाहीं. अखंड राहते ती वाणी. प्रवचनांचे दीर्घ उतारे आपण ऐकतच राहतों. दहा मिनिटांच्या प्रवचनास जांभया देणाऱ्यांनीं हा चित्रपट जपून पाहावा! एक गोष्ट मात्र ध्यानांत असावी : मूळ रहिवाशांचा कैवार घेणारे व्हिएइरा आफ्रिकेंतून आणलेल्या गुलामांविषयीं तितके कठोर बोलले नाहींत.

ओलिव्हैरांनीं स्वतःचेंहि चरित्र चित्रित केलें. आपलें राहतें घर सोडण्याची पाळी आली, तेव्हां १९८२ सालीं त्या घराविषयीं व स्वतःविषयीं त्यांनीं एक चित्रपट केला, आणि तो आपल्या मृत्यूनंतरच लोकांस दाखवावा अशी अट घातली. २ एप्रिल २०१५ रोजीं ते निवर्तले. मे महिन्यांत पोर्तुच्या लोकांनीं तो पाहिला.