हुतात्म्यांची नावं वाचा

विषय आहे युगोस्लाव्हियातली युद्धस्मारकं आणि वेळ आहे सात मिनिटं. पण मी पडलो सांगलीच्या विश्रामबागेत राहणारा माणूस. बोलता बोलता गाडी वडूज-इस्लामपूरकडे वळणार, हे आधीच सांगून ठेवतो.

दुसऱ्या महायुद्धात जर्मन आणि इटालियन फौजा युगोस्लाव्हियात घुसल्या, तेव्हा तिथले पार्टिझान, म्हणजे गनिमी लढवय्ये, डोंगरदऱ्यांत राहून लढले. 1941 ते 1945. आपल्या नाना पाटलांच्या पत्री सरकारचा काळही त्याला लागूनच, 1943 ते 1946. युद्धानंतर पार्टिझानांचे नेते टिटो यांचं समाजवादी सरकार आलं आणि देशभर स्मारकं उभी राहू लागली. यासेनोव्हात्सच्या छळछावणीच्या जागी बोगदान बोगदानोविच यांनी 1966 साली काँक्रीटचं एक अवाढव्य फूल उभं केलं. सुत्येस्काच्या दरीत मिओद्राग झिव्हकोविच यांनी 1971 मध्ये दोन पांढरे कडे समोरासमोर ठेवले, मधून माणसांनी चालत जावं असे. बंदूकधारी शिपाई नाही, घोडा नाही. मेलेल्यांत सर्ब होते, क्रोएट होते, मुसलमान होते, ज्यू होते. क्रॉस लावला तर एक दुखावणार, चंद्रकोर लावली तर दुसरा. म्हणून कुणाचाच नाही असा आकार घेतला. शहाणपणच होतं ते.

मग देश फुटला. आता जगभरची तरुण मंडळी तिथे जातात, त्या आकारांपुढे उभं राहून फोटो काढतात आणि परत येतात. इथे कोण मेलं, हे विचारत नाहीत. माझं दुखणं तेवढंच आहे, श्रोतेहो. आकार राहतो, नाव जातं.

आपल्या घरातली जुनी पितळी भांडी आठवा. मामानं भाचीच्या लग्नात दिलेला हंडा. त्याच्या काठाखाली ठोक्याठोक्यांनी नाव घातलेलं असतं, खाली गाव, साल. चिंच-राख लावून घासता घासता ते नाव पुसट होतं. एक पिढी बोटानं चाचपून वाचते, दुसरी नुसता हंडा वापरते, तिसरी तो दिवाणखान्यात शोभेला ठेवते आणि चौथी मोडीत घालते. स्मारकांचं तंतोतंत असंच होतं. पेत्रोव्हा गोरा नावाच्या डोंगरावर व्होयिन बाकिच यांचं 1981 चं भलंमोठं स्मारक आहे, बाहेरून सगळे पोलादी पत्रे. देश फुटल्यावर ते पत्रे लोकांनी काढून नेले. मोडच झाली की ती! आणि मोस्तार शहरातल्या पार्टिझानांच्या दफनभूमीत तर जून 2022 मध्ये कुणीतरी नावांच्या दगडी पाट्याच शोधून शोधून फोडल्या. वैऱ्यालासुद्धा कळतं, घाव कुठे घालायचा ते. आपल्याला मात्र कळत नाही.

आता आपल्याकडे येतो. सातारा जिल्ह्यात पहिल्या महायुद्धाच्या शिळा आहेत गावोगाव. इंग्रज सरकारनं बसवलेल्या. या गावातून इतके गेले, त्यातले इतके मेले. संपलं. आकडा आहे, नाव नाही. सरकारला आकडा पुरत होता; त्या घरातल्या म्हातारीला पुरला असेल का?

स्वातंत्र्यलढ्यातल्या हुतात्म्यांसाठी पुढे बॅरिस्टर अंतुले मुख्यमंत्री असताना महाराष्ट्रभर हुतात्मा स्मारकं बांधायचं ठरलं, बहुतेक एकाच धाटणीची. कल्पना मोठी होती, त्यांना श्रेय दिलंच पाहिजे. पण आज त्यातल्या किती ठिकाणी कुलूप आहे, किती ठिकाणी भिंतीला ओल आली आहे, हे तुम्ही माझ्यापेक्षा जास्त जाणता. कार्यक्रम होतो वर्षातून एकदा. व्यासपीठावरच्या मान्यवरांची नावं पाऊण तास चालतात, हुतात्म्यांना मात्र 'ज्ञात-अज्ञात' म्हणून एका दमात वंदन. अहो, अज्ञात कसे? मागच्या भिंतीवर लिहिलेत ना!

वडूजला 9 सप्टेंबर 1942 रोजी मामलेदार कचेरीवर मोर्चा गेला, गोळीबार झाला, नऊ जण पडले. पुढे होते वडगावचे परशुराम घार्गे. ते एक नाव पुष्कळांना येतं. उरलेली आठ? दुसऱ्या दिवशी इस्लामपूरला गोळीबार झाला. त्यात विष्णू बारपटे गेले आणि उमाशंकर पंड्या गेले. हे पंड्या किर्लोस्करवाडीच्या कारखान्यातले इंजिनिअर. आडनाव उच्चारलं तरच लक्षात येतं की या मातीत बाहेरून आलेला माणूसही मेला आहे. नाव गाळलं की ही सगळी गोष्टच गळते.

वाळव्याचं बघा. नागनाथअण्णा नायकवडींचे सहकारी किसन अहिर आणि आझाद हिंद सेनेतून आलेले नानकसिंग, दोघे फेब्रुवारी 1946 मध्ये पोलिसांशी लढताना पडले. अण्णांनी पुढे साखर कारखानाच काढला, 'हुतात्मा किसन अहिर' या नावानं. मला विचाराल तर यासेनोव्हात्सच्या फुलापेक्षा हे स्मारक मोठं, कारण त्याचं धुराडं पेटतं आणि घराघरांत चूल पेटते. पण बोलताना काय म्हणतो आपण? "ऊस हुतात्माला घातला." किसन अहिर गेले पुसून. घासून घासून गेले!

आमच्या विश्रामबागेत क्रांतिसिंह नाना पाटलांचा पुतळा आहे. त्यांचं नाव विसरलं जाईल अशी भीती नाही. भीती आहे ती त्यांच्यामागून चालत गेलेल्यांची.

एक शेवटचं. सर्बियात क्रागुयेवात्स शहरात 21 ऑक्टोबर 1941 ला जर्मनांनी हजारो माणसं गोळ्या घालून मारली. त्यात वर्गातून उठवून नेलेली शाळकरी मुलंही होती. तिथे दर ऑक्टोबरला त्यांच्यासाठी मैदानावर सोहळा होतो, आणि त्याला ते म्हणतात शाळेचा मोठा तास. गुरुजनहो, आपल्याला एवढं नको. 9 सप्टेंबरच्या आठवड्यात एक तास द्या. मुलांना घेऊन जवळच्या हुतात्मा स्मारकात जा आणि भिंतीवरची नावं त्यांच्याकडून मोठ्यानं वाचून घ्या, बापाच्या नावासकट, गावासकट. पुसट झालेली वहीत उतरवून घ्या आणि ग्रामपंचायतीला रंगवायला लावा. आणि जाण्याआधी किल्ली कुणाकडे असते, तेवढं विचारून ठेवा.