मीटर लागला, दाखल्याचं काय?

(रौप्यमहोत्सवी समारंभात केलेल्या भाषणाचा मजकूर)



सत्कार झाले, नारळ झाले, आणि मसालेभाताचा वास इथपर्यंत यायला लागलाय. तरी चेअरमनसाहेब म्हणाले, ''विजेचं तुम्हीच बोला.'' 31 वर्षं विजेच्या खात्यात काढलेल्या माणसाला असं सांगितलं की तो लवकर खाली बसत नाही, हे त्यांना माहीत असायला हवं होतं.

नव्या सुनांना आणि पोरांना सांगतो. आपण इथं राहायला आलो तेव्हा सगळ्या घरांना मिळून एकच मीटर होता, तोही ठेकेदाराच्या नावावरचा, बांधकामासाठी घेतलेला तात्पुरता. त्याचा दर घरगुती दरापेक्षा महाग. महिन्याच्या शेवटी बिल वाटून घ्यायचं आणि मग ''आमच्याकडे कूलर नाही, आम्ही एवढे का द्यायचे?'' यावरून भांडायचं. भांडण नको म्हणून एका वहिनींनी तो उन्हाळा पंख्याशिवाय काढला. ठेकेदार पैसे घेऊन मोकळा झाला होता. त्याचं नाव घेत नाही, आज सणाचा दिवस आहे. पुढं ग्रामपंचायतीचा नमुना 8 चा उतारा, घरपट्टीची पावती असं एकेक जोडत आपण घरटी मीटर घेतले. त्या वेळी वीज मंडळ होतं, महावितरण नंतर 2005 साली झालं.

मीटर लागले, पेढे वाटले, आणि सगळे निवांत झाले. पण इमारत मंजूर नकाशाप्रमाणे बांधली आहे, राहायला हरकत नाही, असं सांगणारा कागद म्हणजे भोगवटा प्रमाणपत्र, पूर्णत्वाचा दाखला. तो मागायचा राहिला. 1963 चा आपल्या राज्याचा मालकी सदनिकांचा कायदा बघा. दाखला मिळाल्याशिवाय बिल्डरनं ताबा द्यायचा नाही, हे सगळ्यांना ठाऊक असतं. घेणाऱ्यानंही ताबा घ्यायचा नाही, हे त्याच कलमात लिहिलंय, ते कुणी वाचत नाही. आणि वाचून तरी काय करणार? एकीकडे घरभाडं, दुसरीकडे कर्जाचा हप्ता. माणूस किल्ली घेतोच.

किल्ली घेतल्यावर काय होतं, ते मुंबईच्या समृद्धी गृहनिर्माण संस्थेला विचारा. लोकांनी 1993 च्या सुमारास घरं घेतली, 1997 मध्ये ताबा मिळाला, दाखला नाही. त्यामुळं घरोघरी वीज-पाण्याची जोडणी मिळेना. खटपट करून तात्पुरती मिळवली. मालमत्ता कर 25 टक्के जास्त, पाणीपट्टी 50 टक्के जास्त. 1998 मध्ये संस्था राज्य ग्राहक आयोगात गेली. निकाल लागला 2014 मध्ये! चार महिन्यांत दाखला आणा, नाहीतर सप्टेंबर 2014 पासून महिन्याला एक लाख रुपये भरा, असा बिल्डरला आदेश झाला. तरीही दाखला आला नाही. मग जादा भरलेल्या पैशांसाठी, सुमारे 2 कोटी 60 लाखांसाठी, संस्था राष्ट्रीय आयोगात गेली, तर तिथं 2018 मध्ये उत्तर मिळालं, मुदत संपली. दोन वर्षांत यायला हवं होतं.

म्हणजे दुखणं रोजचं, आणि तक्रारीला मुदत दोन वर्षांची. 11 जानेवारी 2022 रोजी सर्वोच्च न्यायालयानं हे उलटवलं. दाखला मिळवून न देणं ही सेवेतली त्रुटी आहे आणि तो सतत चालू राहणारा दोष आहे, म्हणून मुदतीचं कारण चालणार नाही, असं सांगितलं. आपल्यासारख्यांना त्याचा मोठा आधार आहे. पण मोजून बघा, 1998 ते 2022. तेव्हा पाळण्यात असलेली पोरं एवढ्यात लग्नाला आली.

आता विजेचं. 2003 च्या वीज कायद्यातलं कलम 43 म्हणतं, मालक असो की राहणारा, अर्ज केला तर वीज द्यायची. भाडेकरू आहे, घरमालकाची संमती नाही, म्हणून वीज नाकारता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयानंच 2022 मध्ये सांगितलंय. खिडकीच्या आतल्या बाजूला बसून मी वर्षानुवर्षं हेच बघत आलो: माणूस तिथं राहतो का, एवढंच बघायचं. घर कायदेशीर आहे का, हे बघणारे वेगळे. मला हे बरोबर वाटायचं, अजूनही वाटतं. अंधारात बसवून कुणाचा नकाशा मंजूर होत नाही.

पण 17 डिसेंबर 2024 चा निकाल वेगळं सांगतो. मेरठच्या शास्त्रीनगरमधलं प्रकरण होतं, निवासी भूखंडावर दुकानं बांधलेली. तो निकाल देताना न्यायालयानं देशभरासाठी निर्देश दिले: वीज, पाणी, मलनिस्सारणाची जोडणी दाखला बघूनच द्यावी, बँकांनीही कर्ज देताना तो बघावा. त्यांचा राग समजण्यासारखा आहे. वरळीच्या कॅम्पा कोलात पाच मजल्यांची परवानगी असताना वर मजले चढवले, आणि 2014 मध्ये तिथल्या राहत्या लोकांची वीज, पाणी, गॅस तोडला गेला. बांधणारा कधीच निघून गेला होता. आधीच जोडणी मिळाली नसती, तर निदान लोक फसले नसते.

हे सगळं तुम्हाला का ऐकवतोय? वर बघा म्हणून. आपल्या किती घरांवर दुसरा मजला चढलाय, मी मोजलेत, आकडा सांगत नाही. पोराचं लग्न झालं, वर दोन खोल्या काढल्या, आता तिथं वेगळा मीटर पाहिजे, असं तिघांनी मला या महिन्यात विचारलं. खालच्या मीटरवरून वायर ओढून भागेल, पण भार वाढला की पहिल्यांदा मुख्य स्विच जळतो आणि मग भावाभावांत बिलावरून जुंपते. दुसरं, घर विकायला काढलं की बँकेचा माणूस पहिला कागद हाच मागणार.

तेव्हा कार्यकारिणीला माझी विनंती आहे. मंजूर नकाशा, बिनशेतीचा आदेश आणि जुना पत्रव्यवहार सचिवांच्या कपाटात तिसऱ्या कप्प्यात आहे. कापडात बांधलेला गठ्ठा, मीच बांधलाय. ज्यांनी वाढीव बांधकाम केलंय त्यांनी आपापली मापं लिहून द्यावीत, खरी. इंजिनिअरकडून नकाशा करून सगळ्यांचा अर्ज एकत्र द्यावा. एकेकटा गेला तर त्याला नुसत्या चकरा मारायला लावतील. येत्या रविवारी सकाळी दहाला मी कार्यालयात टेप घेऊन बसतो. झेरॉक्सचे पैसे आपापले आणा.

चला, पंगत बसू द्या.