रामनगरची लीला आणि दादासाहेब फाळके

काशीसमोर, गंगेच्या पूर्व तीरावर, रामनगर हे काशीनरेशांच्या किल्ल्याचे गाव आहे. अनंत चतुर्दशीला तेथे रामलीलेचा आरंभ होतो आणि सुमारे महिनाभर ती चालते. या लीलेला नाट्यगृह नाही; सारे गावच रंगभूमी होते. एक स्थळ अयोध्या, दुसरे जनकपूर, तिसरे पंचवटी आणि दूरच्या मैदानात लंका. राम वनवासाला निघाला की प्रेक्षकही त्याच्यामागून चालू लागतात. रामायणी मंडळी तुलसीदासांचे मानस गातात, मग पात्रांचे संवाद होतात. ध्वनिवर्धक नाही, विजेचा झगमगाट नाही. आरतीच्या वेळी महताबीचा लख्ख उजेड पडतो आणि मुकुट धारण केलेली कोवळी मुले मूर्तीसारखी निश्चल होतात. काव्य, गायन, अभिनय, चित्र आणि शिल्प यांच्या सीमा तेथे कोणी आखलेल्या नाहीत.

अशा सीमा ज्याने आयुष्यभर मानल्या नाहीत, असा एक मराठी कलावंत 1920 च्या सुमारास पलीकडच्या काशीत येऊन राहिला होता. धुंडिराज गोविंद फाळके हे त्याचे नाव. भागीदारांशी मतभेद झाले म्हणून, आपणच उभारलेल्या हिंदुस्थान फिल्म कंपनीकडे पाठ फिरवून तो तेथे आला आणि चित्रपट सोडून ‘रंगभूमी’ हे नाटक लिहू लागला.

फाळक्यांचा जन्म 1870 साली त्र्यंबकेश्वरी झाला. मुंबईचे जे. जे. कलाविद्यालय, मग बडोद्याचे कलाभवन. तेथे चित्रकलेबरोबर छायाचित्रण आणि साचेकाम. पुढे नाटकांचे पडदे रंगविणे, गोध्र्यास छायाचित्रांचा व्यवसाय, ‘केल्फा’ असे आपले आडनाव उलटे करून केलेले जादूचे प्रयोग, पुराणवस्तू खात्यातील नोकरी, आणि ती सोडून लोणावळ्यास छापखाना. ‘एक ना धड, भाराभर चिंध्या’ असे त्या काळी कोणी म्हटले असते, तर त्याला दोष देता आला नसता.

परंतु 1913 साली ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आला आणि त्या चिंध्यांचे वस्त्र विणले गेले. चित्रकाराने दृश्याची मांडणी केली, छायाचित्रकाराने प्रकाश ओळखला, मुद्रकाने रसायनांची सवय कामी लावली. जादूगाराने तर 1917 च्या ‘लंकादहना’त हनुमंताला उड्डाण करविले. या चित्रपटात राम आणि सीता या दोन्ही भूमिका अण्णा साळुंके या एकाच नटाने केल्या. पडद्यावर राम दिसताच प्रेक्षक हात जोडीत, असे सांगतात. रामनगरला आरतीच्या क्षणी जे घडते, तेच येथे अंधाऱ्या चित्रगृहात घडले. फरक एवढाच की तेथे माणूस देवामागे चालत जातो. येथे माणूस बसून राहिला आणि देव त्याच्यापुढे चालत आला.

या प्रवासाची किंमत मात्र एकट्या फाळक्यांनी मोजली नाही. पहिल्या चित्रपटाच्या उभारणीत सरस्वतीबाईंचे दागिने गेले. साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक उरकून त्या रात्री अंधारात फिल्मला छिद्रे पाडीत. सत्यासाठी बायको-मुलाला काशीच्या बाजारात उभे करणाऱ्या राजाची कथा पडद्यावर आणताना, घरची तारामती मात्र पडद्यामागेच राहिली.

काशीत लिहिलेले ‘रंगभूमी’ हे नाटक तत्कालीन रंगभूमीवरच टीका करणारे होते. 1922 च्या सुमारास त्याचे प्रयोग झाले, पण ते लोकांच्या मनात रुजले नाही. ज्याची बुद्धी डोळ्यांनी विचार करीत होती, त्याने शब्दांनी वाद मांडला. अपयशाचे एक कारण यातच असावे. फाळके चित्रपटाकडे परतले आणि 1937 सालचा ‘गंगावतरण’ हा त्यांचा अखेरचा चित्रपट ठरला. 1944 साली नाशिकला त्यांचे निधन झाले.

‘लंकादहना’चे आज काही तुकडेच उरले आहेत. रामनगरची लीला मात्र दरवर्षी नव्याने उभी राहते. ‘युनेस्को’ने 2008 साली रामलीलेच्या परंपरेला मानवतेच्या सांस्कृतिक वारशाच्या यादीत स्थान दिले. बापाकडून मुलाकडे, गुरूकडून शिष्याकडे जाणारी कला टिकली. फितीवर कोरलेली विरून गेली. यंत्र आले की स्मृतीचा भार हलका होतो, अशी आपली समजूत असते. प्रत्यक्षात तो वाढतो, कारण फीतही कोणीतरी आस्थेने सांभाळावी लागते. ती आस्था फाळक्यांच्या वाट्याला उशिरा आली.