कागदावरची वाट, पायाखालची वाट
(शताब्दी सोहळ्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



दिंडीला शंभर वर्षं झाली, म्हणून मंडळींनी आम्हाला चार शब्द बोलायला उभं केलं. आम्ही चौथी शिकलेले, नांगरामागची माणसं. पण रानात आणि वारीत जन्म गेला, तेव्हा वाट कशाला म्हणतात ते आम्हाला कळतं. आज गावाच्या नकाशावर बोलू.

नकाशा म्हटलं की आपल्याला मोजणीवाला आठवतो, नाहीतर बांधाचं भांडण. पण हा नकाशा आला कुठून?

आधी काठी होती. शिवाजी महाराजांच्या राज्यात अण्णाजी दत्तोंनी जमीन मोजली ती काठीनं. काठी किती? पाच हात पाच मुठी. 20 काठ्या लांब, 20 काठ्या रुंद तो बिघा, आणि 120 बिघ्यांचा चावर. बघा, माप माणसाच्या हातामुठीतूनच निघालं.

पुढं इंग्रज आला. त्यानं पहिल्यांदा सारा असा बसवला की रयतेला झेपेना. रानं पडीक पडली, लोक गावं सोडून गेले. तेव्हा 1835 च्या सुमारास गोल्डस्मिड आणि विंगेट या दोन साहेबांनी नव्यानं मोजणी धरली. कुठं धरली? इंदापूर तालुक्यात! तुकोबारायांची पालखी जिथनं जाते, जिथं रिंगण होतं, त्याच मातीत साखळी ओढली गेली. तिथनं ही रीत मुंबई इलाख्यात गावोगाव गेली.

साखळी 33 फुटांची, तिचे 16 आणे. एक साखळी लांब, एक साखळी रुंद तो गुंठा, म्हणजे 1089 चौरस फूट. असे 40 गुंठे म्हणजे एकर. एका बैलजोडीला कसता येईल असं रान धरून नंबर पाडले, माती किती खोल आहे ते बघून प्रत ठरवली, हद्दीला दगड रोवले, आणि सारा 30 वर्षांसाठी बांधून दिला. मग सगळं शिवार कागदावर उतरलं. नकाशात 1 इंच म्हणजे रानात 660 फूट, वीस साखळ्या.

साहेबाला पाहिजे होता सारा. पण शिवार काढायचं तर ओढा, विहीर, देऊळ काढावं लागतं, आणि वाटाही काढाव्या लागतात. नकाशात दोन तुटक रेघा शेजारी शेजारी दिसल्या की समजावं गाडीवाट, एकच तुटक रेघ म्हणजे पायवाट. सातबारा सांगतो रान कुणाचं. ती तुटक रेघ सांगते, वाट सगळ्यांची.

आता आपल्या गावचं बोलू. आपली दिंडी निघायची ती पाणंदीनं. दरसाल एक तास इकडून, एक तास तिकडून नांगरात गेलं. आधी बैलगाडी जाईना, मग डोक्यावर तुळस घेतलेली बाई जाईना. दिंडी डांबरी रस्त्यानं वळसा घालू लागली. दोन सालांमागं पोरांनी भूमी अभिलेखातून गावनकाशाची नक्कल आणली, पारावर पसरली. दोन तुटक रेघा देवळापासून शिवेपर्यंत सरळ गेलेल्या! एका बाजूच्या धन्यानं त्याच आठवड्यात बांध मागं घेतला. दुसऱ्यानं नाही घेतला. मामलेदारापुढं तारखा चालू आहेत. तो भाऊ आपल्याच दिंडीत टाळ धरून चालतो. त्याचं नाव आम्ही घेणार नाही. त्याला आम्ही एवढंच म्हणतो, बाबा, तुझ्या पुढं विणा चालतो, तुझ्या मागं तुझी नातवंडं चालतील, ती कुठनं चालतील?

उजनीच्या पाण्यात भीमाकाठची गावं गेली. त्यांच्या वाटा जुन्या कागदावर राहिल्या, पायाखालनं गेल्या. त्या लोकांचा इलाज नव्हता, धरणानं नेल्या. आपली वाट पाण्यात गेलेली नाही. ती आपणच नांगरात घेतली, म्हणजे ती आपल्यालाच सोडता येईल.

आपल्या आज्या-पणज्यांना सही येत नव्हती. पण मुक्काम कुठं, पाणी कुठल्या विहिरीचं, विसाव्याचं झाड कुठलं, सगळं तोंडपाठ. त्यांचा नकाशा पायांत होता. दरसाल चालले म्हणून तो पुसला नाही.

आता मोजणीला रोव्हर नावाचं यंत्र आलं. ते उपग्रहाला विचारून हद्द दाखवतं. चांगलं आहे, भांडणं मिटावीत. पण यंत्र हद्द दाखवील, नांगर मागं घेणार नाही. तो माणसानंच घ्यायचा.

तेव्हा शताब्दीच्या या मांडवात आमची एकच मागणी आहे. येत्या आषाढीला दिंडी पाणंदीनं निघावी. ज्याचं रान तिच्या कडेला आहे, त्यानं पेरणीआधी आपला बांध एकदा नकाशाशी ताडून बघावा. आणि त्या भावानं हो म्हटलं, तर पाणंदीत पहिलं पाऊल त्याचं असावं, टाळ त्याच्या हातात असावा.

बोलण्यात कमीजास्त झालं असेल तर पदरात घ्या.

रामकृष्ण हरी!