नगराची वेस आणि न्यायालयाची पायरी



पूर्वी गावाला दगडी वेस असे आणि ती सर्वांना दिसे. आता वेस शासनाच्या राजपत्रात छापली जाते. रात्री खेड्यात निजलेला मनुष्य सकाळी नगरवासी होऊन उठतो. त्याचे घर, विहीर, शेत जेथल्या तेथे असते, पण घरपट्टी आकारणारे हात बदललेले असतात. “आम्हांस विचारले कोणी?” हा प्रश्न घेऊन तो न्यायालयाची पायरी चढतो, तेव्हा त्याला काय उत्तर मिळते, ते आज पाहू.

उत्तर प्रदेशातील तुलसीपूर येथे 1955 साली नगरक्षेत्राची हद्द वाढवून शेजारच्या शीतलपूर गावाचा तीत समावेश करण्यात आला. त्या गावात साखर कारखाना होता. आपले म्हणणे न ऐकता आपल्याला नगरात ओढले, अशी कारखान्याची तक्रार होती. 1980 साली सर्वोच्च न्यायालयाने ती फेटाळली. हद्द ठरविणे हे न्यायनिवाड्याचे काम नव्हे, ते कायदा करण्याच्या जातीचे काम आहे. आणि कायदा करणारा प्रत्येक नागरिकाला बोलावून त्याची सुनावणी घेत नसतो, असा त्या निकालाचा आशय.

महाराष्ट्रातील प्रकरण याहून गुंतागुंतीचे. 1982 साली कल्याण, डोंबिवली, अंबरनाथ आणि उल्हासनगर मिळून एकच महानगरपालिका करण्याचा शासनाचा प्रस्ताव प्रसिद्ध झाला. उल्हासनगर ही फाळणीनंतर आलेल्या सिंधी निर्वासितांनी छावणीच्या बराकींतून उभी केलेली वसाहत. तिला हे विलीनीकरण नको होते. न्यायालयीन खटपटीनंतर तिचे म्हणणे ऐकले गेले आणि शासनाने तिला वगळले. 1983 साली उरलेल्यांची महानगरपालिका झाली. मग इतरांनी विचारले, उल्हासनगरला सूट, मग आम्हांला का नाही? उच्च न्यायालयाने शासनास फेरविचार करावयास सांगितले. परंतु 1989 साली सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश टिकू दिला नाही. कायद्याने सांगितल्याप्रमाणे मसुदा प्रसिद्ध करावा, हरकती मागवाव्यात, त्यांचा विचार करावा. त्यापलीकडे नैसर्गिक न्यायाच्या नावाने वेगळी सुनावणी मागता येत नाही, असे त्याने ठरविले.

तर्क म्हणून हे निर्दोष असेल. पण ज्याने आरडाओरडा केला तो सुटला आणि जो गप्प राहिला तो आत अडकला, हे चित्र काही मनातून जात नाही. शिवाय 1987 साली याच न्यायालयाने हिमाचल प्रदेशातील एका प्रकरणात उलट सूर लावला होता. खेड्यांचे भाग नगरक्षेत्रात घातले, तर तेथील लोकांवर करांचा भार येतो. म्हणून त्यांना म्हणणे मांडण्याची संधी द्यावी, असे तेथे म्हटले गेले. या दोन निकालांची मोट बांधताना वकिलांची पुष्कळ दमछाक होते.

राज्यघटनेच्या 74 व्या दुरुस्तीने नगरपालिकांना घटनेत स्थान मिळाले, आणि त्याबरोबर प्रभागरचनेच्या कायद्यांना न्यायालयात आव्हान देण्यास प्रतिबंधही आला. मात्र प्रभागांच्या आतल्या रेषा निराळ्या आणि नगराची बाहेरची हद्द निराळी, हे ध्यानात ठेवावे.

मग नागरिकाच्या हाती उरते काय? उरते ती कार्यपद्धती. आणि ती क्षुल्लक नाही. कल्याणच्याच परिसरातील 27 गावे पाहा. ती 1983 साली आत आली, 2002 साली बाहेर गेली, 2015 साली पुन्हा आत घेतली गेली. एखाद्या कुटुंबाच्या एकाच पिढीने हद्दीची ही ये-जा तीनदा पाहिली. 2020 साली त्यांतील 18 गावे पुन्हा वगळून त्यांची स्वतंत्र नगरपरिषद करण्याचे शासनाने ठरविले. त्याच वर्षी डिसेंबरात मुंबई उच्च न्यायालयाने तो निर्णय रद्द केला. गावे नगरात असावीत की नसावीत, या वादात न्यायालय पडले नाही. हद्द बदलण्यापूर्वी महानगरपालिकेशी विचारविनिमय करावा, असे कायदा सांगतो, आणि तो झालेला नव्हता. जे साखर कारखान्याला साधले नाही, ते येथे कायद्यातील या एका अटीच्या बळावर साधले.