अवकाशकालाची लेव्हल

(मंडळाच्या गणेशोत्सवातील व्याख्यान)



यंदाचा विषय मंडळातल्या मुलांनी दिला आहे. सिनेमात अवकाशकालाला तडा जातो, जग डळमळते आणि नायक दोन बटणे दाबून सगळे जागेवर आणतो. मुले विचारतात, खरोखर असे कोणी मोजते का? आणि सांभाळते का? आम्ही डिप्लोमावाले. राज्य सरकारच्या नोकरीत कालव्यांच्या, रस्त्यांच्या लेव्हल घेण्यात वीस वर्षे गेली. तेव्हा उत्तरही त्याच भाषेत देतो.

मराठीला ही कल्पना नवी नाही. डॉ. जयंत नारळीकरांनी १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला ‘कृष्णविवर’ ही कथा पाठवली, तीही आद्याक्षरे उलटी करून, ‘नारायण विनायक जगताप’ या नावाने. कथेला पहिले बक्षीस मिळाले. पुढे ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत इतिहासाचे एक प्राध्यापक अशा दुसऱ्याच जगात जाऊन येतात, जिथे पानिपत मराठ्यांनी जिंकले आहे. ही कथा इंग्रजी रूपात एनसीईआरटीच्या अकरावीच्या पुस्तकात आहे. नारळीकर सर २० मे २०२५ रोजी गेले. कथेतले जग सांभाळायला लेखक असतो. खऱ्या विश्वाचे काय?

आइन्स्टाईन यांनी १९१६ साली मांडले की अवकाशकाल म्हणजे पक्की फरशी नव्हे. प्रचंड वस्तुमानाच्या वस्तू एकमेकींभोवती फिरल्या की त्यात लहरी उठतात. लहर आली की एका दिशेचे अंतर किंचित वाढते आणि काटकोनातल्या दिशेचे घटते. लगेच याच्या उलट होते.

आता आमची अडचण पाहा. लेव्हल घ्यायची तर बेंचमार्क पक्का हवा. इथे बेंचमार्कही हलतो! मग आधार कशाचा? प्रकाशाच्या वेगाचा, कारण तो बदलत नाही. अमेरिकेतल्या ‘लायगो’ यंत्राला काटकोनात ४-४ किलोमीटरच्या दोन भुजा आहेत. एकच लेसर किरण दोन भागांत वाटून दोन्हीकडे पाठवतात. टोकाच्या आरशांवरून परतलेले किरण एकमेकांना जवळजवळ पुसून टाकतात. लहर आली, अंतरे बदलली, की प्रकाशात फरक दिसतो.

१४ सप्टेंबर २०१५ रोजी हे प्रथम घडले. सुमारे १३० कोटी प्रकाशवर्षे दूर दोन कृष्णविवरे एकमेकांत मिसळली होती. तीन सूर्यांएवढे वस्तुमान ऊर्जा होऊन लहरींतून निघून गेले. आपल्यापर्यंत पोहोचेतो भुजेच्या लांबीतला फरक प्रोटॉनच्या व्यासाच्या शतांशाहूनही कमी राहिला होता. तरी तो पकडला गेला, आणि २०१७ चे नोबेल या कामाला मिळाले.

तर मुलांनो, अर्धे उत्तर असे: लहर येते, जाते, अवकाशकाल आपोआप पूर्ववत होतो. तिथे दुरुस्तीला कोणी लागत नाही. सांभाळावे लागते ते मोजणाऱ्याला. ४० किलोचा आरसा काचेच्या तंतूंवर लंबकासारखा टांगतात. नळ्यांतली हवा इतकी काढतात की दाब बाहेरच्या एक लाख कोटीव्या भागावर येतो. ४ किलोमीटरमध्ये पृथ्वीची गोलाई एक मीटरहून जास्त भरते. नळी सरळ राहावी म्हणून काँक्रीट तेवढे हिशेबाने ओतावे लागते. ट्रक, रेल्वे, वारा, दूरचा भूकंप, सगळ्यांची नोंद ठेवून ती बाजूला काढावी लागते.

असेच यंत्र आता आपल्या शेजारी, हिंगोली जिल्ह्यात, औंढा नागनाथजवळ व्हायचे आहे. एप्रिल २०२३ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने सुमारे २,६०० कोटी रुपयांच्या ‘लायगो-इंडिया’ला मंजुरी दिली, उद्दिष्ट २०३० च्या सुमाराचे आहे. पुण्याची ‘आयुका’ यात आहे आणि तिची उभारणी नारळीकरांनीच केली. लहर आकाशात नेमकी कुठून आली हे कळायला यंत्रे पृथ्वीवर दूरदूर हवीत. मोजणीवाल्याला हे सांगावे लागत नाही. विल्यम लॅम्बटन आपल्याच ७८ रेखांशाच्या पट्ट्यातून त्रिकोण जोडत देश मोजत निघाले होते. १८२३ साली हिंगणघाटला त्यांचा अंत झाला.

खरी जबाबदारी इथे येते. २०२४ साली हिंगोलीत भूकंपाचे धक्के बसले, ते नांदेड-परभणीतही जाणवले. जमिनीला आपण थांबवू शकत नाही. पण खडी क्रशर, सुरुंग, अवजड वाहतूक कुठे असावी हे माणसे ठरवतात. बासरच्या डीजेचा आवाज औंढ्याला पोहोचणार नाही, पण तिथल्या आसपासच्या गावांना ही शांतता वर्षानुवर्षे राखावी लागेल. त्यांना हे काम आपले वाटले पाहिजे. त्यांची मुले तिथे कामाला लागली तरच ते वाटेल.

आपल्या घरांत मुले मराठी बोलतात, शाळेत तेलुगू-इंग्रजी शिकतात. पालकांना एवढेच सांगणे आहे की औंढ्याला दर्शनाला जाल तेव्हा मुलांना या यंत्राबद्दलही सांगा. तिथे फक्त शास्त्रज्ञ लागणार नाहीत. वेल्डर, व्हॅक्यूम पंप सांभाळणारे, वायरमन, लेव्हल घेणारेही लागतील. आयटीआय आणि डिप्लोमाच्या मुलांनी आतापासून हात नेमका ठेवायची सवय लावावी. विश्वाची लहर ऐकायची तर आधी आपला पाया स्थिर हवा.

गणपती बाप्पा मोरया!